सारखा सावकारच का? मार्सेल दालिओच्या निमित्ताने एक सविस्तर उत्तर

तुझा प्रश्न थोडक्यात असा आहे. मालिकांमध्ये तुला सावकार, दलाल, खबऱ्या आणि ‘साहेबांच्या मागे उभा राहणारा’ यापलीकडे काही मिळत नाही. परवा पुन्हा एक सावकार चालून आलाय, तो नाकारावा का? शिवाय कार्यशाळेत मी ज्याचं नाव सारखं घेतो त्या फ्रेंच नटाची, मार्सेल दालिओची, कारकीर्द असल्याच कामांवर चाळीसेक वर्षं कशी चालली, तेही तुला हवंय. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो. पहिल्याचं बरंचसं त्यातच येऊन जाईल.

आपल्या धंद्यात एक गोष्ट कोणी तोंडावर सांगत नाही. कॅरेक्टर आर्टिस्टला पहिलं काम अभिनयावर मिळत नाही. दारातून आत येताना त्याच्याकडे बघून समोरच्याला काय वाटतं, त्यावर मिळतं. अभिनयावर दुसरं काम मिळतं. आणि समोरच्याला जे वाटतं ते आपल्या नाकाडोळ्यांत नसतं, बघणाऱ्याच्या डोक्यात असतं. निळू फुल्यांना गावोगावच्या बायका खरोखर दुष्ट समजायच्या, हे आपण हसत हसत सांगतो. पण त्या समजुतीवर एखाद्याचं पोट चालतं आणि वाईट काळ आला की त्याच समजुतीवर माणूस जिवानिशी जाऊ शकतो. दालिओच्या बाबतीत या दोन्ही गोष्टी दारापर्यंत येऊन ठेपल्या होत्या.

जन्म पॅरिसचा, १८९९ चा. आईवडील रुमानियातून आलेले ज्यू, घरचं आडनाव ब्लाउशिल्ड. शिक्षण पॅरिसच्या नाट्य-संगीत विद्यालयात, म्हणजे कॉन्झर्व्हातवारमध्ये. तिथून गाणी-नकलांचे रंगमंचीय कार्यक्रम, मग नाटकं आणि बोलपट आल्यावर सिनेमा. उंचीने बुटका, केस काळेभोर, डोळे मोठे आणि सतत हलते. उभा असतानासुद्धा आता कुठे तरी निघालाय असं वाटावं, इतकी अंगात धडपड. तिशीच्या दशकातल्या फ्रेंच दिग्दर्शकांना या चेहऱ्यात एकच गोष्ट दिसली: भरवसा ठेवू नये असा माणूस. त्यामुळे खबरे, दगाबाज, संशयित परदेशी असली कामं येत राहिली.

त्यातलं सगळ्यांत गाजलेलं १९३७ च्या सुरुवातीचं. ज्युलियाँ द्युविव्हिएचा ‘पेपे ल मोको’. अल्जीयर्सच्या कस्बात, म्हणजे जुन्या गल्लीबोळांच्या वस्तीत, दडून बसलेला फरारी गुंड म्हणजे ज्याँ गाबँ आणि पोलिसांसाठी काम करणारा खबऱ्या लार्बी म्हणजे दालिओ. काम उत्तम केलंय, पण पठडीतलं. तो पडद्यावर येतो तेव्हा लेखकाने त्याला कशासाठी आणलंय हे बघणाऱ्याला आधीच ठाऊक असतं. तुझे सावकार बघताना मला हेच होतं. तू दारात उभा राहिलास की घरातल्या सुनेचे दागिने जाणार, हे प्रेक्षकाला कळून चुकलेलं असतं. मग तू आणखी डोळे वटारतोस, त्याने नवं काहीच हाती लागत नाही.

त्याच १९३७ मध्ये, त्याच गाबँच्या जोडीला, दालिओ दुसऱ्या एका सिनेमात आला आणि इथून खरी गोष्ट सुरू होते. ज्याँ रेन्वाचा ‘ग्रँड इल्यूजन’. पहिल्या महायुद्धातले फ्रेंच युद्धकैदी जर्मनांच्या छावणीत आहेत. दालिओ त्यातला लेफ्टनंट रोझेन्थाल, बड्या श्रीमंत ज्यू घराण्यातला. घरून त्याच्या नावाने खाण्यापिण्याचे खोकेच्या खोके येतात आणि तो ते सगळ्यांत वाटतो. कागदावर हा धोक्याचा रोल होता. श्रीमंत ज्यू म्हटल्यावर त्या काळच्या प्रेक्षकाच्या मनात ठरलेलं चित्र होतं. ते खोटं ठरवायचं तर सरळ मार्ग म्हणजे त्याला संत करून टाकायचं. रेन्वाने तसं केलं नाही आणि दालिओनेही केलं नाही. रोझेन्थाल स्वतःच सांगतो की लोक आम्हाला कंजूष समजतात ते चूक आहे, आमचा दोष आहे तो गर्व. म्हणजे मी वाटतो ते चांगुलपणाने नव्हे, मिरवायला वाटतो, असं कबूल करून टाकतो. दालिओ हे वाक्य हलक्या आवाजात, गप्पांच्या ओघात टाकतो. कबुलीजबाबाचा आव कुठेही नाही. आणि नेमकं त्यामुळे तो माणूस आपल्याला आवडायला लागतो.

पुढे तो आणि गाबँ पळून जातात. हिवाळा, उपाशीपोटी, पायी स्वित्झर्लंडच्या दिशेने. रोझेन्थालचा घोटा मुरगळलेला. रस्त्यावर दोघांचं भांडण पेटतं आणि गाबँ ओरडतो की तू माझ्या पायातली बेडी आहेस आणि तसंही मला ज्यू कधीच आवडले नाहीत. दालिओ परत ओरडतो की हे फार उशिरा लक्षात आलं तुझ्या! गाबँ निघून जातो. दालिओ दगडावर बसून, चिडून, बेसूर आवाजात फ्रेंच पोरं म्हणतात ते नावेचं गाणं म्हणायला लागतो. तिकडे गाबँच्या तोंडीही नकळत तेच गाणं येतं, मग ते तुटतं. तो गप्प होतो आणि थोड्या वेळाने परत येतो. का आलास, असं विचारल्यावर उत्तर देत नाही, नुसता चल म्हणतो.

हा सीन तू आवाज बंद करून एकदा बघ. गाबँ स्टार आहे, त्याला परत यायचंय, म्हणजे सीन त्याचाच आहे. दालिओला काय करायचं होतं? नुसतं बसायचं होतं. पण रडण्याऐवजी रागाने गाणं म्हटल्यामुळे तो दयेस पात्र ठरत नाही, बरोबरीचा राहतो. मदत मागणारा माणूस दुबळा केला की मदत करणाऱ्याचं मोठेपण स्वस्त होतं. रेन्वाला हे माहीत होतंच. पण दुखऱ्या पायाचं भांडवल न करण्याचा संयम नटाचा.

आता १९३९. ‘रूल्स ऑफ द गेम’. इथे रेन्वाने जे केलं त्याची हिंमत आजही फार थोडे कास्टिंग डिरेक्टर करतील. सोलोन्य भागातल्या गढीचा मालक, शिकारीला पाहुणे बोलावणारा उमराव, मार्की रोबेर द ला शेने, या भूमिकेला त्याने दालिओला घेतलं. आपल्याकडे एखाद्या नटाला वर्षानुवर्षं सावकार दिल्यावर अचानक सरदार-जहागीरदार द्यावा तसा प्रकार. पॅरिसच्या प्रेक्षकांतल्या काहींना ते सहन झालं नाही. फ्रेंच उमरावाचं काम ज्यू नटाला, हाच त्यांचा राग होता. पुढे गप्पांमध्ये रेन्वाने दालिओला निवडण्याचं कारण सांगितलं ते असं, की या माणसाच्या मुळाशी असुरक्षितपणा आहे आणि तो तूच दाखवू शकला असतास. या कारणावर थांबून विचार कर. उमरावाचा रुबाब दाखवणारे नट पॅरिसमध्ये ढिगाने होते. रुबाब कधीही हातचा जाईल ही धास्ती दाखवणारा हवा होता. खबऱ्याच्या कामात दालिओकडे जी धडपड होती तीच रेन्वाने उचलली आणि तिच्यावर रेशमी कोट चढवला. चेहरा बदलला नाही, फक्त जागा बदलली.

सिनेमात हे झाकलेलंही नाही. खालच्या मजल्यावर नोकरमाणसं जेवायला बसलीत आणि मालकाचं मूळ चघळलं जातंय: त्याच्या आईचा बाप म्हणे फ्रांकफुर्टहून आलेला कुणी रोझेन्थाल. दोन वर्षांपूर्वी दालिओने केलेल्या भूमिकेचंच नाव! रेन्वाने ते सहज ठेवलं असेल असं मला वाटत नाही. मग मुख्य स्वयंपाकी बोलतो. म्हणतो, मालक उपरा असेल, पण परवा त्याने मला बटाट्याच्या सॅलडवरून बोलावून झापलं. बटाटे चटका बसेल इतके गरम असतानाच त्यावर व्हाइट वाइन ओतावी लागते. हाताखालच्याने बोटं भाजतील म्हणून ते केलं नव्हतं आणि मालकाने ते चवीवरून ओळखलं. काही म्हणा, माणूस खानदानी आहे. तिथे विषय संपतो. या सीनमध्ये दालिओ नाहीच. पण हे ऐकल्यावर तो पुन्हा पडद्यावर येतो तेव्हा त्याच्या प्रत्येक नीटनेटक्या हालचालीत आपल्याला ती परीक्षा दिसायला लागते. इतरांना जे जन्माने मिळालं ते हा रोज उठून कमावतोय.

आणि मग तो ऑर्गन. मार्कीला यांत्रिक खेळण्यांचं वेड आहे, चावीने गाणारे पक्षी, हलत्या बाहुल्या. पाहुण्यांसमोर तो आपल्या संग्रहातली नवी चीज उघड करतो, जत्रेत असतो तसला भलामोठा यांत्रिक ऑर्गन, दिवे आणि रंगीत आकृत्यांसह. कॅमेरा त्या आकृत्यांवरून सरकत सरकत शेजारी उभ्या मार्कीवर येतो. संवाद नाही. चेहऱ्यावर अभिमान आहे. त्याच्याखाली लाज आहे, की हे पोरकट तर वाटणार नाही ना. आणि त्याच्याही खाली, लोकांनी टाळ्या वाजवाव्यात अशी भीक मागितल्यासारखं काही तरी. तिन्ही एकाच वेळी. रेन्वाला हा शॉट फार प्रिय होता. कार्यशाळेत मी तो दाखवतो तेव्हा पोरं विचारतात की सर, त्याने डोक्यात काय आणलं असेल? मला वाटतं, त्याने डोक्यात काही आणलंच नसावं. वाद्य चालू झालं, तो ते ऐकत होता आणि लोकांकडे बघत होता. घरी नवीन वस्तू आणून ती शेजाऱ्यांना दाखवणारा माणूस कधी तरी नीट बघ, तुला हाच चेहरा दिसेल. आपण मात्र ‘अभिमान’ लिहिलंय म्हणून छाती काढतो.

शेवटी गढीवर एक माणूस गोळी लागून मरतो. पायऱ्यांवर उभा राहून मार्की पाहुण्यांना सांगतो की दुर्दैवी अपघात झाला, आमच्या रखवालदाराला वाटलं शिकारचोर आहे. सफाईदार खोटं. एक पाहुणा टोमणा मारतो की अपघाताची ही नवीनच व्याख्या. म्हातारा जनरल त्याला गप्प करतो आणि म्हणतो की ला शेनेमध्ये खानदानीपणा आहे, ही जात आता दुर्मीळ होत चालली. ज्याला आख्खा सिनेमाभर उपरा म्हटलं त्याला इथे पदवी मिळते, तीही खोटं बोलल्याबद्दल. दालिओ ते भाषण शोकाने करत नाही आणि कावेबाजपणेही करत नाही. यजमान म्हणून करतो. पाहुण्यांना थंडी वाजेल, आत चला.

जुलै १९३९ मध्ये सिनेमा लागला, लोकांनी आरडाओरडा केला, कापाकापी झाली आणि युद्ध सुरू झाल्यावर खच्चीकरण करणारा म्हणून बंदीही आली. तो पुन्हा जोडून नीट दाखवला गेला १९५९ मध्ये. म्हणजे ज्या कामासाठी दालिओ आज ओळखला जातो त्याचं कौतुक त्याला वीस वर्षांनी मिळालं. मधल्या काळात बिल तर भरायची होती.

बिलापेक्षा मोठी अडचण आधी आली. जून १९४० मध्ये जर्मन सैन्य पॅरिसवर चालून आलं तेव्हा दालिओ आणि त्याची तरुण बायको, नटी मादलेन लबो, शहर सोडून निघाले आणि लिस्बनला पोचले. तिथे चिलीचे व्हिसा मिळवले. ‘क्वान्झा’ नावाच्या पोर्तुगीज बोटीने निघाले, तर मेक्सिकोत कळलं की व्हिसा बनावट आहेत. दोनेकशे माणसं तशीच अडकलेली. शेवटी कॅनडाचे तात्पुरते पासपोर्ट मिळाले आणि दोघं अमेरिकेत शिरले. इकडे व्यापलेल्या फ्रान्समध्ये नाझींनी त्याच्या प्रसिद्धीसाठी काढलेल्या फोटोंतला चेहरा पोस्टरांवर छापला: ज्यू कसा ओळखावा याचा नमुना म्हणून. जो चेहरा दोन वर्षांपूर्वी फ्रेंच उमराव होता, तोच आता भिंतीवर ‘ओळखून ठेवा’ म्हणून. कास्टिंग म्हणजे काय, याचं याहून भयानक उदाहरण मला माहीत नाही.

आणि हॉलिवुडने त्या चेहऱ्यात काय पाहिलं? ज्यू नाही, उमराव नाही, दगाबाजही नाही. त्यांना दिसला फ्रेंच माणूस. बस. हॉटेलवाला, वेटर, पोलीस, जुगाराच्या टेबलावर चाक फिरवणारा. १९४१ मध्ये स्टर्नबर्गच्या ‘द शांघाय जेस्चर’मध्ये तो कॅसिनोत रुलेटचं चाक फिरवतो आणि १९४२ च्या ‘कासाब्लांका’त पुन्हा तेच. श्रेयनामावलीत नाव नाही. रेन्वाच्या दोन सिनेमांत मोठी कामं केलेला नट, नव्या देशात बिननावाचा. तुला मालिकेत तिसऱ्या नंबरचा सावकार दिला म्हणून जी कुरकुर आहे, तिच्याशेजारी हे ठेवून बघ.

‘कासाब्लांका’तला हा चाक फिरवणारा, एमिल, मी विद्यार्थ्यांना आधी दाखवतो, रेन्वा नंतर. कारण रेन्वासारखा दिग्दर्शक आयुष्यात भेटेल न भेटेल. एमिलसारखी कामं मात्र भेटणारच आहेत.

पहिला प्रसंग. निर्वासित बल्गेरियन नवराबायको व्हिसासाठी पैसे कमी पडले म्हणून जुगार खेळतायत. कॅफेचा मालक रिक (हम्फ्री बोगार्ट) येऊन त्या पोराला बावीसवर लावायला सांगतो. एमिल रिककडे एकदा बघतो, चाक फिरवतो, बावीस. तिथेच राहू दे, रिक म्हणतो. पुन्हा बावीस. मग रिक विचारतो की आज धंदा कसा चाललाय? एमिल सांगतो की मला वाटलं होतं त्यापेक्षा दोनेक हजार कमी. आख्ख्या प्रसंगात चाक कसं फिरलं हे कोणी बोलत नाही, कारण दालिओची ती एक नजर पुरेशी आहे. डोळा मारलेला नाही, हसू नाही. नोकराने हुकूम ऐकल्याची नजर. जाता जाता सांगतो, त्या पोराचं काम करणारा हेल्मुट डान्टीनही ऑस्ट्रियातून नाझींच्या तावडीतून सुटून आलेला. व्हिसासाठी जुगार खेळणारा आणि त्याला जिंकवणारा, दोघंही खरे निर्वासित. स्टुडिओच्या सेटवर कागदांची भीक मागण्याचा अभिनय करत होते.

दुसरा प्रसंग सगळ्यांना पाठ आहे. पोलीसप्रमुख रेनो कॅफे बंद करायचं फर्मान काढतो आणि कारण देतो की इथे जुगार चालतो हे बघून मला धक्का बसलाय. त्याच क्षणी एमिल नोटा घेऊन शेजारी येतो: आपली जिंकलेली रक्कम, साहेब. रेनो हळूच आभार मानतो आणि पुन्हा ओरडायला लागतो. हशा रेनोचं काम करणाऱ्या क्लॉड रेन्सच्या नावावर जमा आहे, बरोबरच आहे. पण दालिओने काय केलं नाही ते बघ. आपण विनोदी क्षणात आहोत हे त्याला माहीतच नाही. वेळ साधून आल्यासारखा येत नाही, साहेबाची फजिती करायला येत नाही. टेबलावरचा हिशेब झाला, पैसे साहेबांचे आहेत, साहेब निघालेत, म्हणून द्यायला आलाय. आदरानेच आलाय. त्याने ओठाचा कोपरा जरा जरी हलवला असता, तर तो एमिलचा विनोद झाला असता आणि रेनोचा ढोंगीपणा अर्धा कमी झाला असता. आमच्याकडे अशा जागी नव्वद टक्के नट प्रेक्षकाकडे बघून ‘कळलं ना?’ करतात. तूही करतोस.

त्याच सिनेमात मादलेन लबोही आहे, ‘मार्सेयेज’ हे फ्रान्सचं राष्ट्रगीत गाताना जिच्या डोळ्यांत पाणी येतं ती इव्हॉन. चित्रीकरणाच्याच सुमारास दालिओने घटस्फोटाचा अर्ज केला होता. त्यावर मी काही बोलणार नाही. फक्त एवढंच की कॅमेरा चालू असताना दोघांच्याही कामात याचा मागमूस लागत नाही.

नंतरचा हॉलिवुडचा काळ लवकर उरकतो. १९४४ मध्ये ‘टू हॅव अँड हॅव नॉट’मध्ये मार्तिनीकमधला हॉटेलमालक, पुन्हा बोगार्टसमोर, पण या वेळी नाव असलेला, भाग असलेला. त्याच वर्षी ‘विल्सन’मध्ये फ्रान्सचा पंतप्रधान क्लेमांसो. म्हणजे देश तोच, फक्त पद वाढलं. युद्धानंतर तो फ्रान्सला परतला, क्लेमाँ, आलेग्रे यांच्या सिनेमांत दिसला आणि मग वीसेक वर्षं अटलांटिकच्या दोन्ही काठांवर ये-जा. ‘जंटलमेन प्रिफर ब्लाँड्स’मधला पॅरिसचा न्यायाधीश तोच, ज्याच्यासमोर जेन रसेल सोनेरी टोप घालून मेरिलिन मन्रोची नक्कल करते. ‘सब्रिना’मधला म्हातारा बॅरन तोच. ‘चायना गेट’मध्ये सॅम फुलरने आणि ‘डोनोव्हन्स रीफ’मध्ये जॉन फोर्डने त्याला कॅथलिक पाद्री केला. ज्या चेहऱ्याला नाझींनी ज्यूंचा नमुना ठरवलं, त्याच चेहऱ्यावर हॉलिवुडने दोनदा पाद्र्याचा झगा चढवला. कुणाला काही खटकलं नाही, कारण तिथे तो आधी फ्रेंच होता.

यातली मला सगळ्यांत आवडणारी गोष्ट टीव्हीची आहे. १९५५ मध्ये ‘कासाब्लांका’वरून अमेरिकेत मालिका निघाली आणि त्यात पोलीसप्रमुखाचं काम दालिओला मिळालं. साहेबाच्या हातात जिंकलेले पैसे ठेवणारा तेरा वर्षांनी साहेबाच्या खुर्चीत. मालिका फार चालली नाही. पण रांगेत उभा राहिलेला माणूस कुठवर जातो हे यावरून कळतं आणि रांग सोडून गेलेल्याला ती खुर्ची मिळत नाही हेही.

सत्तरी आल्यावरही कामं थांबली नाहीत. १९७० मध्ये माइक निकोल्सच्या ‘कॅच-२२’मध्ये तो कुंटणखान्यातला बेरकी म्हातारा आहे, जो अमेरिकन पोराला समजावतो की युद्ध हरण्यातच शहाणपण आहे. मग १९७३ मध्ये जेरार ऊरीचा ‘रॅबाय जेकब’. फ्रान्समध्ये सत्तर लाखांवर तिकिटं खपली. लुई द फ्यूनेस हा त्यातला ज्यूद्वेष्टा कारखानदार, परिस्थितीच्या फेऱ्यात त्याला ज्यू धर्मगुरूचं सोंग घ्यावं लागतं आणि धमाल उडते. खरा रॅबाय जेकब म्हणजे दालिओ. तीस वर्षं अमेरिकेत काढून पॅरिसला परत निघालेला. सिनेमाच्या सुरुवातीला न्यूयॉर्कमध्ये त्याचे लोक त्याला निरोप देतात, तो हसतोय, मिठ्या मारतोय, टॅक्सीत बसतोय. प्रेक्षकांतल्या ज्या पिढीने ती पोस्टरं भिंतीवर बघितली होती तिलाही तो चेहरा इथे पुन्हा ज्यू म्हणून दिसला. पण या वेळी त्याला भेटायला लोक विमानतळावर धावत येतायत आणि नक्कल करणाऱ्याची फजिती होतेय. दालिओने इथेही ते ‘पाहा, मी परत आलो’ अशा थाटात केलेलं नाही. प्रवासाला निघालेला, एका ज्यू पोराच्या बार मिट्झ्वा विधीला उशीर होईल म्हणून घाई असलेला एक आनंदी म्हातारा आहे, एवढंच. १९८३ मध्ये पॅरिसलाच तो गेला.

आता तुझा सावकार.

घे. नकार देण्याची ऐपत आली की नकार दे, तोवर नाही. मात्र दोन गोष्टी कर. एक, स्क्रिप्टमध्ये सावकाराचं दुष्टपण लेखकाने लिहिलंय, तुझा चेहरा त्यात भर घालतोय, पार्श्वसंगीतवाला तर घालणारच आहे. चौथा तू कशाला? त्या माणसाला दुसरं कोणतं तरी खरं काम दे. हिशेब चोख आहे का, चष्मा घरी विसरलाय का, समोरच्या सुनेत त्याला आपली पोरगी दिसते का. दिग्दर्शकाला विचारत बसू नकोस, रिहर्सलला करून दाखव. नको असेल तर तो सांगेल. दालिओने मार्कीला बटाट्याची चव दिली नव्हती, ती रेन्वाने लिहिली. पण ती चव त्याच्या अंगात आहे हे पटवणारी प्रत्येक हालचाल त्याची स्वतःची.

दुसरी, हात. तू संवाद नसताना हात कुठे ठेवायचे या काळजीत असतोस, ते मॉनिटरवर दिसतं. दालिओच्या हाताला सतत काही तरी काम असतं: चाक, नोटा, खेळण्याची चावी, खाण्याचं खोकं. आणि ते काम तो पूर्ण करतो. दुसऱ्याचा संवाद आला म्हणून अर्धवट सोडत नाही. एडिटरला असा नट आवडतो, कारण कुठेही कापला तरी कंटिन्युइटी जुळते. कामं टिकण्याची अशी बिनमहत्त्वाची वाटणारी कारणंही असतात, ती मुलाखतींत कोणी सांगत नाही.

बघायचा क्रम सांगतो. आधी ‘कासाब्लांका’, फक्त एमिलसाठी. मग ‘पेपे ल मोको’ आणि ‘ग्रँड इल्यूजन’ लागोपाठ, एकाच वर्षीचे आहेत आणि दोन्हींत गाबँ आहे, त्यामुळे फरक लख्ख दिसेल. ‘रूल्स ऑफ द गेम’ दोनदा बघ. पहिली वेळ गोष्ट समजायलाच जाते, माणसं फार आहेत. ‘रॅबाय जेकब’ शेवटी, घरच्यांसोबत, कारण तो खळखळून हसायचा सिनेमा आहे.

आणि करार सही करण्याआधी श्रेयनामावलीचं कलम वाच. पात्राचं नाव, तुझं नाव, स्पेलिंगसकट लिहून घे. को-ऑर्डिनेटर ‘ते होऊन जाईल’ म्हणेल. ‘कासाब्लांका’लाही सगळं झालं होतं, ऑस्करसुद्धा, फक्त एमिलचं नाव राहून गेलं.